हंड्याचं नाव

केटिल पोटात होता तेव्हा त्याच्या आईच्या, सोलरूनच्या, स्वप्नात एक बुडालेला माणूस आला. तो तिच्या वडिलांच्या होडीवरचा जुना गडी. त्याचंही नाव केटिल. निथळत्या अंगाने तो स्वयंपाकघरात शिरला, खुर्चीत बसला आणि तिच्याकडे बघत राहिला. सकाळी तिने हे नवऱ्याला, हाल्लुरला, सांगितलं. आइसलँडच्या पूर्वेकडच्या त्या खाडीकाठच्या गावात याचा अर्थ कोणाला समजावून सांगावा लागत नाही. मेलेला माणूस आपलं नाव मागायला आला होता.

"पण केटिल?" हाल्लुरने कपाळाला हात लावला. "सोलरून, पोरगा जन्माला घालतेस की किटली? दुसरं कोणी बुडालं नव्हतं का?"

"जो आला तो आला. आता काय त्याला दारातून परत पाठवू?"

"निदान खुर्ची ओली झालीय का ते तरी बघ."

नाव ठरलं. नाव फार जुनं, गावात चर्च यायच्याही आधीचं. केटिल म्हणजे आगीवर टांगलेला मोठा हंडा, ज्यात अख्ख्या घराचं मटण शिजायचं. पाद्रीबाबा म्हणायचे, ज्याच्या घरी असा हंडा, त्याच्या दारातून वाटसरू उपाशी जात नसे, म्हणून हे मानाचं नाव. शाळेतल्या पोरांना त्या मानाशी काही देणंघेणं नव्हतं. "केटिल, वाफ सोड की!" "झाकण कुठे विसरलास रे?" रोज काहीतरी नवं.

गंमत अशी की या हंड्याला उकळी म्हणून फुटायची नाही. चिडवणाऱ्याकडे तो शांतपणे बघायचा आणि आपला सुका मासा लोण्याला लावून खात राहायचा. शाळेच्या सगळ्या वर्षांत तो एकदाच तापला, एका पोराने कोकराला दगड मारला तेव्हा. पण तापला तो आठवडाभर निवला नाही. शेवटी त्या पोरालाच रडू फुटलं.

मोठा होऊन तो पठारावरच्या रस्त्यावरचं बर्फ बाजूला ढकलायचा ट्रक चालवायला लागला. बायको बेर्गल्योत इतकं बोलायची की दोघांचं बोलणं तिच्या एकटीवरच भागायचं. मूल झालं नाही. आपल्यानंतर गावात केटिल राहणार नाही, याचं कोणी वाईट वाटून घेतलं की तो म्हणायचा, "बरंच आहे. एका पोराचा छळ वाचला."

त्याची साठी उलटल्यावरची गोष्ट. फेब्रुवारीतल्या एका दुपारी गावातल्या दाग्नीला अचानक कळा सुरू झाल्या. ती मासळीच्या कारखान्यात कामाला होती आणि नवरा दूर समुद्रावर. हॉस्पिटल पठाराच्या पलीकडे. केटिलने ट्रक पुढे घातला आणि मागून सुईण एवर तिला आपल्या गाडीत घेऊन निघाली. चढ संपता संपता वाऱ्याने गाडी खड्ड्यात लोटली. केटिल मागे आला, दाग्नीला त्याने घोंगडीसकट उचललं आणि ट्रकमध्ये आणून बसवलं. एवर मागून चढली. थोडं पुढे गेल्यावर तीच म्हणाली, "थांबव. हे बाळ काही हॉस्पिटल बघत नाही."

केटिलने ट्रक वाऱ्याकडे पाठ करून उभा केला, हीटर पूर्ण सोडला आणि हातात दिवा धरून नजर काचेकडे लावली.

"अरे, बोल ना काहीतरी!" दाग्नी ओरडली. "दगडासारखा काय बसलास!"

"काय बोलू?"

"काहीही! तुझी बायको तर थांबत नाही कधी!"

त्याला पाठ असलेली गोष्ट एकच होती. निथळणारा माणूस, खुर्ची, बापाचा वैताग, सगळं त्याने आपल्या संथ आवाजात सांगायला घेतलं. एक कळ गेली, दुसरी आली.

"मग... मग खुर्ची ओली होती का?" दाग्नीने दात आवळून विचारलं.

"आई म्हणायची, होती. बाप म्हणायचा, मांजरीने केली."

दाग्नी हसायला लागली आणि त्या हसण्यातच शेवटची कळ आली. पोरगा असा खणखणीत रडला की बाहेरचा वारासुद्धा ऐकू येईना. एवरने त्याला पुसलं आणि केटिलच्या लोकरी स्वेटरमध्ये गुंडाळून आईच्या छातीवर ठेवलं. केटिलने थर्मासमधली कॉफी तिघांत वाटली आणि मग जणू अंड्यांच्या टोपल्या भरल्या असाव्यात तसा ट्रक हळूहळू खाली उतरवला.

मेमध्ये बारसं झालं. डोक्यावर बाप्तिस्म्याचं पाणी पडेपर्यंत त्या गावात नाव कोणी फोडत नाही. चर्चमध्ये पाद्रीबाबांनी विचारलं, "मुलाचं नाव काय?"

"केटिल," दाग्नी म्हणाली.

बेर्गल्योतने नवऱ्याला कोपराने असं ढोसलं की बाक हलला.

बाहेर आल्यावर केटिलने दाग्नीला गाठलं. कान लाल झाले होते. "अगं, हे काय केलंस? शाळेत पोरं जीव घेतील त्याचा."

"तुझा घेतला का?"

"माझी गोष्ट वेगळी. आणि नाव मागायला मेलेली माणसं येतात. मी तर अजून चालतोय."

"ती स्वप्नात येतात, तू ट्रक घेऊन आलास. चल, पॅनकेक गार होतील."

रुबार्बच्या आंबट देठांचा मुरंबा आणि साय घातलेले पॅनकेक त्याने त्या दिवशी इतके खाल्ले की एवरने हात धरून थांबवलं.

धाकटा केटिल मात्र निघाला नावाप्रमाणे. घटकेत उकळी, घटकेत उतू. पुढे दाग्नी कामावर जाताना त्याला म्हाताऱ्या केटिलकडे ठेवू लागली. पोराची किंकाळी बंदरापर्यंत पोचायची. बेर्गल्योत कानात बोटं घालायची. म्हातारा कौतुकाने ऐकत बसायचा. आपण आयुष्यभर केला नाही तो गोंगाट कोणीतरी मनापासून करतंय, याचं त्याला भारी समाधान.

एका संध्याकाळी हवामानाच्या बातम्या चालू असताना पोरगं रडून दमलं आणि म्हाताऱ्याच्या छातीवरच झोपलं. तेवढ्यात रस्ते खात्याचा फोन वाजला. बेर्गल्योतने उचलला, ऐकून घेतलं आणि नवऱ्याकडे पाहिलं. त्याने नकारार्थी मान हलवली.

"पठारावर बर्फ साचलंय, माहीत आहे," ती फोनमध्ये कुजबुजली. "पण जरा दम धरा. त्याला आत्ता उठता येत नाही."