ड्रॉइंगमध्ये दोनशे, पॅनलमध्ये चारशे

लढाई सुरू झाली तेव्हा मी जबलपूरच्या एका संरक्षण कारखान्यात, वीज विभागात नवा सुपरवायझर होतो. माझ्याकडे रिले होते. रिले म्हणजे बिघाड झाला की स्विच पाडणारी डबी. ज्या शॉपमध्ये, म्हणजे कारखान्याच्या ज्या विभागात, बिघाड, तिथला रिले आधी चालायला हवा; सगळ्या कारखान्याच्या मेन स्विचच्या रिलेने अर्धा सेकंद थांबायचं. तो अर्धा सेकंद मी स्लाइड रूल आणि ग्राफपेपर घेऊन आठवडाभर खपून काढला होता. मला त्याचा अभिमान होता.

एका दुपारी भट्टी शॉपमधली केबल जळाली आणि सगळा कारखाना थंड पडला. शॉपचा स्विच जागच्या जागी, मेन मात्र पडलेला. सुरक्षा अधिकाऱ्यांना यात शत्रूचा हात दिसला. सकाळी त्या स्विचपाशी जवळच्या रांझी वस्तीतला एक वायरमन काम करत होता. त्याला त्यांनी गेटवर बसवून ठेवलं.

मी ग्राफ पाहिला. रेघा बरोबर होत्या. मग पहिल्यांदाच शॉपमध्ये जाऊन पॅनल उघडलं. रिलेला करंट पुरवणाऱ्या छोट्या ट्रान्सफॉर्मरवर चारशे अँपिअर लिहिलं होतं. माझ्या ड्रॉइंगमध्ये दोनशे. नव्या भट्ट्या आल्या तेव्हा तो बदलला होता, ड्रॉइंग तसंच राहिलं होतं. आकडा दुप्पट, म्हणून रिलेला निम्माच करंट दिसला आणि तो सावकाश चालला; तोवर मेन पडला.

आमचे फोरमन नागपूरकडचे, निवृत्तीला आलेले. त्यांना म्हटलं, "काका, चूक माझी आहे. न बघताच गणित केलं."

"मग इथं काहून उभा आहेस? तो बिचारा तिकडे बसून राहिला ना!"

ते माझ्यासोबत आले. अधिकाऱ्यांना म्हणाले, "साहब, दुश्मन का हाथ नहीं है. हमारा है."

"लिखकर दीजिए."

मी लिहून दिलं. त्यांनी कागद तीनदा वाचला. थोडे नाराज वाटले. वायरमनला सोडलं. मी त्याची माफी मागितली. तो म्हणाला, "भैया, चार घंटे में चाय एक बार मिली."

मला लेखी ताकीद मिळाली. रविवारी आम्ही प्रत्येक पॅनल उघडून पाहिलं, नव्याने आकडे काढले, रिले पुन्हा लावले.

पुढे त्याच शॉपमध्ये मोटर जळाली. फक्त तेच शॉप बंद पडलं. तिथले फोरमन तावातावाने आले. "सबका चालू, हमारा ही बंद?"

असंच व्हायला पाहिजे, असं मी त्यांना समजावलं. त्यांना ते पटलं नाही.