पंगतीत माझ्यावर झालेला अन्याय

गेल्या पौषातल्या शेवटच्या रविवारी, दुपारी दोन वाजता, असोद्याच्या एका मळ्यात माझ्यावर अन्याय झाला. अन्याय करणारे तीसेक जण होते आणि सगळे जेवत होते.

भरीत पार्टी होती. कपाशीच्या काड्यांवर भाजलेली वांगी, केळीच्या पानांवर पंगत. वाढायला ती. आमच्या संघटनेच्या घोषणा तीच लिहिते. वर्षभर मी तिच्याशी फक्त घोषणांबद्दल बोललो, बाकीचं पोटात.

तिने एकदा वाढलं. पुन्हा आली. "घ्या ना थोडं." मी पानावर हात आडवा धरला. तिसऱ्यांदा आली तेव्हा मी उभाच राहिलो.

"पंगतीतला आग्रह ही जबरदस्ती आहे!" माझ्याच पत्रकातलं वाक्य.

टाळ्या पडायला हव्या होत्या. शेजारचे आबा म्हणाले, "बस रे भाऊ, भरीत गार होतंय." ती भांडं घेऊन पुढे गेली ती गेलीच.

धुळ्याला परतताना मोटरसायकलवर मागे आत्या, तीही पंगतीत होती. पारोळ्याला एकदम पाठीत बुक्की. "येडा शे का तू? तिनी बठ्ठासले एकदाव वाढं, तुले तीनदाव!"

"सगळ्यांना एकदा, मला तीनदा. मग?"

"मग काय, माले इचारस!"

म्हणजे पंगतीला कळलं होतं, आत्याला कळलं होतं. आमच्याकडे मुलगी मनातलं बोलत नाही, वाढते; हे मला एकानेही आधी सांगितलं नाही. याला कट नाही तर काय म्हणायचं?

परवा जळगावला बैठक झाली. ती चहा देत होती. मला अर्धाच कप.

"अजून द्या," मी म्हणालो.

"मी आग्रह करत नाही हं आता."

"मीच मागतोय."

ती किटली धरून थांबली. "काय मागताय?"

सगळी बैठक माझ्याकडे बघत होती. बाजाराच्या दिवशी भोंग्यावर तासभर बोलणारा माणूस मी.

"चहा," मी म्हणालो.

तिने कप काठोकाठ भरला आणि गेली. येत्या रविवारी तिला बघायला दोंडाईच्याचं स्थळ येतंय.

तेव्हा वाचकहो, पत्रक वाचून घडी घालून खिशात ठेवायची तुमची सवय मला माहीत आहे. या वेळी ते चालणार नाही. तुमच्यापैकी जो कुणी तिला ओळखत असेल, त्याने शनिवार संध्याकाळच्या आत तिच्या घरी जावं आणि स्पष्ट सांगावं, की मला चहा नको होता.