वाकलेल्या हाताची कारकीर्द

मी बेसबॉल खेळतो हे नागपूरच्या मित्रांना मी सांगत नाही. एकदा सांगितलं, तर एकाने काळजीने विचारलं, "तुझं कोणाशी वाजलं का तिकडे?" त्याचाही दोष नाही. आमच्याकडे बेसबॉलची बॅट सिनेमातले गुंड गाडीच्या काचा फोडायला काढतात, तेवढीच तिची ओळख.

त्यातून मी राखीव पिचर, म्हणजे फलंदाजाला चेंडू फेकणारा. सामना सुरू करणारा पिचर वेगळा असतो. त्याचा हात थकला, चेंडू भरकटायला लागले, की शेवटच्या अर्ध्या तासासाठी ज्याला उठवतात तो मी. तोवर दोन तास मैदानाच्या कडेला पत्र्याच्या कंटेनरमागे, वाऱ्याच्या आडोशाला बसून घरचा चिवडा खायचा. आठवडाभर मी आयर्लंडमधल्या लिक्सलिपला चिपच्या कारखान्यात यंत्रं सांभाळतो, आणि उन्हाळ्यातल्या रविवारी हे. पगार नाही, उलट वर्गणी भरावी लागते. तरी मी याला कारकीर्द म्हणतो, कारण माझ्या हाताला दुसरी कुठली कारकीर्द मिळालीच नाही.

त्याला कारण माझे बाबा. बाबा सरकारी कचेरीत नोकरीला होते आणि रविवारी कॉलनीच्या क्रिकेटमध्ये पंच. शाळेच्या प्रयोगशाळेतला पांढरा कोट उसना आणायचे, चेंडू मोजायला खिशात सहा चिंचोके ठेवायचे. सामना संपल्यावर दोन्ही संघ त्यांच्यावर सारखेच चिडलेले असले, की आपलं काम चोख झालं असं ते समजायचे.

मी सोळा वर्षांचा असताना आमची कॉलनी फायनलला पोचली आणि कॅप्टनने पहिली ओव्हर माझ्या हातात दिली. मी पहिला चेंडू टाकला आणि स्क्वेअर लेगवरून बाबांचा आवाज आला, "नो बॉल!" माझा पाय तर रेषेच्या आत होता. दुसरा चेंडू, नो बॉल. तिसऱ्याला त्यांनी स्वतःचं कोपर वाकवून अख्ख्या मैदानाला दाखवलं, की हा मुलगा चेंडू टाकत नाही, फेकतो. कॅप्टनने मला सीमारेषेवर पाठवून दिलं. तिथे पोचेपर्यंत माझं नाव गोफण पडलं होतं. घरी आईने विचारलं, काय झालं? बाबा म्हणाले, "भाजी वाढ." विषय तिथेच संपला. त्यानंतर मी कधी बॉलिंग केली नाही. आरशासमोर हात फिरवून कोपर वाकतंय का, ते मात्र पुढे कितीतरी महिने पाहत होतो.

आयर्लंडला आल्यावर मुलगी एका मैत्रिणीच्या नादाने बेसबॉलला जायला लागली. तिला सोडायला गेलो असताना एक चेंडू घरंगळत माझ्या पायाशी आला. मी उचलला आणि कोपर वाकवून परत फेकला. तो थेट पलीकडच्या मुलाच्या हातमोज्यात जाऊन असा आपटला, की सगळे वळून बघायला लागले. मला वाटलं, कोणाला लागलं की काय. मी सॉरी म्हणायला पुढे सरसावलो.

तिथला कोच कॉर्क शहरातला, पेशाने प्लंबर. त्याने माझ्या मुलीला विचारलं, "हूज युअर मॅन?" म्हणजे तिकडच्या भाषेत, हा माणूस कोण? "दॅट्स माय बाबा," ती गुन्हा कबूल केल्यासारखी म्हणाली. कोचने मला आणखी दहा चेंडू फेकायला लावले आणि म्हणाला, "डोन्ट चेंज अ थिंग." माझ्या हाताबद्दल असं कोणी पहिल्यांदाच बोललं होतं. पुढच्या रविवारी मी मोठ्यांच्या संघात होतो.

तीन वर्षं मी हे बाबांना कळू दिलं नाही. मग यंदा आई बहिणीच्या बाळंतपणाला थांबली आणि बाबा एकटेच आमच्याकडे दोन महिने आले. मुलीने विमानतळावरून घरी येतानाच सगळं सांगून टाकलं. बाबांनी शांतपणे ऐकून घेतलं आणि मला विचारलं, "त्यात हात वाकवलेला चालते?"

"वाकवायचाच असतो, बाबा."

"नियम लिहिलेले असतील ना? आणून दे."

मी शंभरेक पानं छापून आणली. बाबांनी पंधरा दिवसांत लाल पेनाने खुणा करून ती संपवली. त्यांना सगळ्यात आवडलं ते बॉकचं प्रकरण. पिचरने दोन्ही हात छातीशी आणून थांबायचं, आणि एकदा थांबला की मग चेंडूच टाकायचा. मध्ये भलतंच काही केलं तर तो बॉक, आणि समोरच्या संघाचे धावायला उभे असलेले सगळे गडी फुकटात एकेक टप्पा पुढे जातात. "हे चांगलं केलं त्यांनी," बाबा म्हणाले. "इकडे लबाडीला जागाच नाही."

मला एकच हवं होतं. बाबांनी माझा हात बघावा आणि एकदा, फक्त एकदा, बरोबर आहे म्हणावं. त्रेचाळीस वर्षांच्या माणसाला असं काही हवं असणं लाजिरवाणं आहे, हे मला कळतं. पण होतं ते असं होतं.

जुलैतल्या एका रविवारी त्यांना सामन्याला नेलं. कानटोपी, दोन स्वेटर, घडीची खुर्ची आणि मांडीवर नियमांचा गठ्ठा. त्या दिवशी आयर्लंडच्या मानाने कडक ऊन होतं, म्हणजे माणसं अर्ध्या बाह्यांचे शर्ट घालून कुडकुडत होती. शेवटच्या डावात पाच-पाच अशी बरोबरी झाली. समोरचा एक गडी तिसऱ्या टप्प्यावर, तिथून घरी, म्हणजे फलंदाजाच्या जागी, पोचला की त्यांची एक धाव. त्यांचा एकच गडी बाद करायचा राहिला होता. कोचने हात हलवला, मी चिवड्याचा डबा बंद केला आणि निघालो.

पिचर जिथून फेकतो तिथे रबराची एक पांढरी पट्टी पुरलेली असते. तिच्यावर पाय ठेवण्याआधी मी नेहमी जमिनीला हात लावून कपाळाला लावतो. कोचने पहिल्यांदा पाहिलं तेव्हा कॉन्टॅक्ट लेन्स पडली का म्हणून विचारलं होतं. त्या दिवशी बाबा बघतायत या धास्तीत मी ते विसरलो. सरळ पट्टीवर उभा राहिलो, हात छातीशी आणून थांबलो, आणि तेव्हा आठवलं. पुढचं मी केलं नाही, हाताने केलं. मी खाली वाकलो, मातीला बोटं लावली आणि कपाळाला नेली.

"बॉक!" पंच ओरडला. तिसऱ्या टप्प्यावरचा गडी भाजी आणायला निघाल्यासारखा रमतगमत घरी पोचला. सहा-पाच.

आमचा कोच धावत आला. "ही वॉज ओन्ली प्रेइंग!" पाठोपाठ सगळा संघ पंचाभोवती गोळा झाला. धर्मस्वातंत्र्य वगैरे शब्दही माझ्या कानावर आले. एवढ्यात गर्दी बाजूला करत कानटोपी पुढे आली. बाबांनी लाल खुणेचं पान पंचापुढे धरलं आणि स्वच्छ इंग्रजीत म्हणाले, "अंपायर इज करेक्ट."

पंचाने तोंडावरची जाळी वर केली. त्याच्या आयुष्यात त्याच्याशी सहमत झालेला हा पहिलाच माणूस असावा. "हू इज ही विथ?" त्याने विचारलं. मी म्हणालो, माझे वडील आहेत. "जीझस," पंच म्हणाला, आणि माझ्याकडे फार दयेने पाहिलं.

"आजोबा! यू'र ऑन अवर साइड, लाइक!" मुलगी मैदानाच्या कडेवरून ओरडली.

"मी कोणाच्याच साइडचा नाही," बाबा म्हणाले आणि खुर्चीत जाऊन बसले.

मी इतका भडकलो की कान तापले. त्या भरात तीन चेंडू फेकले. फलंदाजाने तीनदा बॅट फिरवली, तिन्ही वेळा हवेत. तीनदा हुकला की बाद, तसा तो गडी बाद झाला, पण पुढे आमच्या एकालाही धाव काढता आली नाही आणि आम्ही एका धावेने हरलो. पोरं भली. "यू'र ग्रँड," असं प्रत्येकाने पाठीवर थोपटून सांगितलं. पंचाने बाबांना स्वतःच्या थर्मासमधला चहा पाजला.

परत येताना मुलगी मागच्या सीटवर हेडफोन घालून बसली होती. मोटारवेला लागलो. मग राहवलं नाही. "बाबा, माझ्या बाजूने एकदा तरी बोलायचं होतं. तेव्हाही नाही, आजही नाही."

बाबांनी मांडीवरच्या नियमांच्या गठ्ठ्यावर बोट आपटलं.

"आजचा बॉकच होता," ते म्हणाले. "फायनलचं वेगळं. त्या दिवशी तुझं कोपर वाकून रायलं होतं का नव्हतं, मला दिसलंच नाही. ऊन डोळ्यावर होतं."

आमचा एक्झिट आला आणि गेला. "मग तीनदा नो बॉल काहून दिला?"

"पोरगा माझा होता ना. सोडून दिलं असतं तर लोक म्हणाले असते, पंचाचा पोरगा आहे. आणि एकदा दिल्यावर मागे घेता येते का?" मग हळूच म्हणाले, "चुकलं माझं."

सत्तावीस वर्षं. मला ओरडावंसं वाटलं, पण तोंडातून भलतंच निघालं. "म्हणजे मी फेकत नव्हतो?"

"तेव्हाचं मी नाही सांगू शकत. आज मात्र नीट पाहिलं. तीनही चेंडू साफ फेकले तू." त्यांनी कानटोपी काढून मांडीवर ठेवली. "एकदम मस्त फेकले, बाप्पा."

मला समोरचं दिसेना. मी बाहीने डोळे पुसायला लागलो.

"समोर पाहा," बाबा म्हणाले, "गाडी चालवून रायला तू."