सात एक आठ सहा

पाणीपुरवठ्याच्या कचेरीत तिला सगळे मशीनगन म्हणत. तोंडावर नाही, तोंडावर म्हणायची कोणाची छाती नव्हती. घरोघरच्या पाण्याच्या मीटरचे आकडे कागदावर लिहून यायचे आणि ते कॉम्प्युटरात भरायचं काम तिचं. डोळे कागदावर, उजवा हात कीबोर्डाच्या कडेला असलेल्या आकड्यांच्या बटणांवर, आणि कडकड कडकड असा आवाज की शेजारच्या टेबलावरचा माणूस फोनवर बोलताना दुसऱ्या कानात बोट घालायचा. आख्ख्या नोकरीत तिने त्या बटणांकडे मान वळवून पाहिलं नाही. नवी लागलेली एक मुलगी बटणं शोधून शोधून आकडे भरत होती, तेव्हा मशीनगन तिला म्हणाली, "घास तोंडात घालताना आरशात बघतेस का गं?" मुलगी बाथरूममध्ये जाऊन रडली. मशीनगनला त्याचं काही वाटलं नाही.

अशी बाई निवृत्त झाली की मऊ होते, असं ज्यांना वाटत असेल त्यांनी तिच्या धाकट्या भावाला विचारावं. वडिलांनी बांधलेल्या घरात खाली भाऊ आणि भावजय राहायचे, वरच्या एका खोलीत ही. लग्न केलं नव्हतं. का केलं नाही, असं विचारणाऱ्याला "तुझं बघून" एवढंच उत्तर मिळे. घराला जिना एकच होता आणि त्यावरून दोन्ही बाजूंचे टोमणे सुखरूप ये-जा करत. भावजय तिला वन्सं म्हणायची, पण त्या दोन अक्षरांत इतकं काही भरून म्हणायची की त्यापेक्षा शिवी परवडली. दोघी एकमेकींना पाण्यात पाहायच्या, आणि पाण्याच्या बाबतीत मशीनगनला जन्माचा अनुभव होता.

त्याच जिन्यावर एक दिवस तिचा पाय सटकला. उजवं मनगट मोडलं. कोपरापर्यंत प्लास्टर चढलं, बोटांची सुजलेली टोकं तेवढी बाहेर राहिली. दवाखान्यातून घरी आल्यावर तिने डाव्या हाताने फोन भावापुढे धरला.

"जरा उघडून दे रे. सात एक आठ सहा."

हा आकडा घरात सगळ्यांना पाठ होता. तो तिचा कचेरीतला कर्मचारी क्रमांक. तिच्या डब्याच्या झाकणावर तो कोरलेला होता, छत्रीच्या दांड्यावर रंगवलेला होता, आणि भावाच्या मते तिच्या कपाळावरही असणार, फक्त केसांनी झाकला गेलाय. भावाने तो दाबला. फोन जरासा थरथरला आणि नंबर चुकीचा असल्याचं सांगून गप्प बसला.

"नीट दाब."

"नीटच दाबलाय."

"तू आयुष्यात काही नीट दाबलेलं नाहीस. इकडे दे." तिने फोन मांडीवर ठेवला आणि डाव्या हाताच्या एका बोटाने, प्रत्येक आकडा डोळ्यांनी तपासत, पुन्हा दाबला. सात. एक. आठ. सहा. फोन पुन्हा थरथरला.

अंगठ्याचा ठसा लावून उघडायची सोय होती, पण ती तिने घेतलीच नव्हती. ठसे चोरांचे घेतात, असं तिने फोन विकणाऱ्याला खडसावलं होतं. आता तो मार्गही बंद.

मग सगळे उपाय झाले. काच पुसली. काचेवरचं चिकट आवरण ओरबाडून काढलं. फोन रात्रभर चार्जिंगला लावला, बोटं कोरडी करून दाबला, बोटं ओली करून दाबला. पुष्कळदा चुकला की फोन वाट बघायला लावायचा. मग ती त्या काळ्या काचेसमोर अशी बसायची, की समोर फोन नसून एखादा उद्धट कारकून आहे आणि त्याची वरपर्यंत तक्रार करायची आहे. चूक फोनची आहे याबद्दल तिला तिळमात्र शंका नव्हती. चूक नेहमी समोरच्याचीच असते या तत्त्वावर तिने सगळी नोकरी काढली होती.

भाऊ तिसऱ्या का चौथ्या दिवशी म्हणाला, "ताई, तू मध्येच कधीतरी नंबर बदललास. आणि विसरलीस."

"मी विसरत नाही."

"आईसुद्धा असंच म्हणायची."

मशीनगनने फोन उलटा करून ठेवला. त्यांच्या आईचं शेवटी शेवटी सगळं पुसलं गेलं होतं. आईला आंघोळ घालणारी, भरवणारी हीच. एक दिवस पदराने तोंड पुसून घेत आई तिला म्हणाली होती, "फार केलंत हो माझं. तुम्ही कोणाकडच्या?" मशीनगनला मरणाची भीती नव्हती. त्या एका प्रश्नाची होती.

आणि ते भावाला माहीत होतं. भाऊ काही राक्षस नव्हता, पण कुठे बोट ठेवलं की दुखतं हे भावंडांइतकं कोणाला कळत नाही. त्या दिवसापासून खालच्या मजल्यावर बोलणं बदललं. गॅस बंद केलास का, विचारणं सुरू झालं. औषध घेतलंस का. आज वार कोणता, असं भावजय सहज विचारल्यासारखं विचारी. मशीनगन वार सांगे आणि वर सुनावी, "तुझ्या वडिलांचं नावही सांगू का? मला आठवतंय, तुला नसेल तर." भावजय नवऱ्याकडे बघे. चिडचिड हेही लक्षणच, असं त्या बघण्यात असे.

मग दुकान झालं. फोन दुरुस्त करणारा डोळ्याला भिंग लावून बसलेला होता आणि ते न काढताच बोलत होता. त्याने कुलूप न उघडता तातडीचा फोन लावायची जागा काढली, तिथे एकापासून नवापर्यंत सगळी बटणं दाबून दाखवली. सगळे आकडे जसेच्या तसे उमटले.

"पडदा ठणठणीत आहे. सात दाबला की सात येतो."

"मग उघडत का नाही?"

"आजी, मग दोष पडद्याच्या अलीकडे आहे."

भाऊ हसला. दुकानदार हसला त्याचं तिला काही नव्हतं, तो पोट भरायला बसलाय. पण भाऊ हसला हे तिच्या काळजाला लागलं.

"आजी कोणाला म्हणतोस रे?" एवढंच ती म्हणाली. दुकानदाराने उपाय सांगितला: आतलं सगळं पुसायचं, फोन नव्यासारखा कोरा. तिने फोन ओढून घेतला. पुसू दिला म्हणजे आपण विसरलो हे कबूल केलं, असा तिचा सरळ हिशोब होता.

फोन मात्र रोज वाजायचा. टुण् व्हायचं, काच उजळायची, नवा मेसेज आहे एवढं दिसायचं, आणि काय आहे ते कुलपाआड. कधी लागोपाठ, टुण् टुण् टुण्. "कोणाचे गं इतके?" असं ती एकदा खाली ओरडली. भावजय जिन्याखालून म्हणाली, "कंपनीचे असतील, वन्सं. सगळ्यांनाच येतात."

सुरुवातीला भाऊ रोज एकदा तरी नंबर दाबून बघायचा. मग त्याने ते सोडलं, आणि मग उलटंच धरलं: पुसून टाकू, ताई, एकदाचं पुसून टाकू. त्याचबरोबर आणखी एक चिकाटी सुरू झाली. गावाबाहेर वयस्कर लोकांसाठी एक निवास होता. तिथे जिना नव्हता. तिथे चोवीस तास माणूस होतं. तिथे बाग होती, आणि भावजयीने त्या बागेचा फोटो एवढ्या वेळा दाखवला की मशीनगनला तिथलं झाड न् झाड शत्रू वाटू लागलं.

"नुसतं बघून येऊ," भाऊ म्हणे. "कोण तुला तिथे ठेवून येतंय?"

ती ताठ राहिली, राहिली, आणि मग एका दुपारी वाकली. त्या दुपारी तिने डाव्या बोटाने पुन्हा तोच नंबर दाबला, पुन्हा नाही झालं, आणि तिच्या मनात पहिल्यांदाच आलं की बदललाही असेल. असेल आपणच बदललेला. गॅस तरी आपण खरंच बंद केला होता का? ती उठून बघून आली. बंद होता. थोड्या वेळाने पुन्हा बघून आली. मग कॉटवर बसून ती रडली, तोंडावर प्लास्टरचा हात धरून, खाली ऐकू जाऊ नये म्हणून. संध्याकाळी भाऊ वर आला तेव्हा त्याच्याकडे न बघता म्हणाली, "प्लास्टर निघालं की जाऊ. बघून येऊ."

भावाने लगेच माळ्यावरची बॅग काढली. बघायला जायचं तर बॅग कशाला, हे विचारायचंही तिला बळ उरलं नव्हतं.

प्लास्टर कापणाऱ्याने करवत चालवली, कवच उकललं, आणि आतून निघालेला हात तिला दुसऱ्याच कोणाचा तरी वाटला. वाळका, कोंडा सुटलेला. कापणारा म्हणाला, "बोटं हलती ठेवा, बाई. सवयीचं काहीतरी करत राहा." ती बाहेर येऊन बाकावर बसली. बॅग भावाच्या पायाशी होती आणि फोन भावाच्या हातात.

"आधी हा दुकानात टाकू," भाऊ म्हणाला. "तो पुसून ठेवेल. मग तसेच पुढे तिकडे."

"माझा फोन आहे. मी टाकीन."

"ताई, आता इथे सुरू नको करूस."

"दे म्हटलं ना."

त्याने नाखुशीने दिला. तिने तो डाव्या हातात धरला आणि त्याच्या डोळ्याला डोळा भिडवला, कारण बोलायचं खूप साचलं होतं आणि निवासाच्या फाटकाआधी ते बोलून घ्यायचं होतं. "तू दुकानात हसलास," ती म्हणाली. "तो परका माणूस मला वेडी ठरवत होता आणि तू दात काढलेस. तुला सायकल शिकवली मी, तुझ्यासाठी वडिलांचा मार खाल्ला मी, आणि तू..." बोलता बोलता सुटलेला उजवा हात आपणहून फोनवर गेला. आखडलेली बोटं, पण गेली. टक, टक, टक, टक.

फोन उघडला.

दोघेही त्या उजेडाकडे बघत राहिले. मशीनगनने फोन पुन्हा बंद केला. या वेळी तिने जन्मात न केलेली गोष्ट केली: खाली मान घालून आपल्या बोटांकडे पाहिलं. बोटांनी दाबलं एक, सात, दोन, सहा. उघडला.

कचेरीच्या कीबोर्डावर सात-आठ-नऊ वरच्या ओळीत असायचे आणि एक-दोन-तीन खाली. फोनवर एक-दोन-तीन वर. हे तिला माहीत होतं, कोणाला माहीत नसतं! पण फोन घेतला त्या दिवशी नंबर घालताना ती विकणाऱ्याच्या तोंडाकडे बघत होती, लबाड वाटला म्हणून. हाताने कचेरीतल्यासारखं वर, खाली, वर, कडेला मारलं, दोनदा मारलं, आणि फोनने मुकाट्याने भलताच आकडा घेतला. पुढे रोज हात तेच मारत राहिला आणि तोंड सात एक आठ सहा सांगत राहिलं. ती काहीही विसरली नव्हती. तिने फक्त कधी बघितलं नव्हतं.

"काय होता मग नंबर?" भावाचा आवाज चिरकला होता.

"सात एक आठ सहा. पहिल्यापासून सांगतेय."

"दे, मी जरा बघतो..." त्याने हात पुढे केला. इतक्या घाईने केला की तिने फोन छातीशी घेतला आणि मगच पडद्याकडे नजर वळवली.

घरच्यांचा एक ग्रुप होता: भाऊ, भावजय, परगावी बायकोसोबत राहून नोकरी करणारा त्यांचा मुलगा म्हणजे तिचा भाचा, आणि ती. सगळे टुण् टुण् तिथले होते. वर सरकवत ती वाचत गेली. भावजयीने लिहिलं होतं, वन्संची खोली रिकामी झाली की आधी रंग काढून घेऊ, मग तुम्ही दोघं केव्हाही या. भाच्याने विचारलं होतं, आत्या या ग्रुपमध्ये आहे ना? त्याखाली भाऊ: तिचा फोन उघडत नाही, बिनधास्त लिही. भावजय: आणि उघडला तर? भाऊ: त्याआधी पुसून घेतो. मग पुन्हा भाऊ, तिने बघून येऊ म्हटलं त्या संध्याकाळचा: डोकं शाबूत आहे गं तिचं, मला कळत नाही का? पण आत्ता हो म्हणतेय तर उरकून घेऊ.

हे शेवटचं तिने दोनदा वाचलं. आपण शहाण्या ठरलो याचा आनंद व्हायला हवा होता. झाला तो संताप, आणि त्याच्याखाली असं काहीतरी दुखलं की मनगट मोडल्यावरही तसं दुखलं नव्हतं. आईने ओळखलं नाही तो आजार होता. याने ओळखून केलं होतं.

भाऊ बॅगेचा पट्टा उगाच नीट करत होता. "ताई," तो म्हणाला, "ते तसं नाही. तू चुकीचं..."

आखडलेल्या बोटाने, एकेक अक्षर डोळ्यांनी शोधत, तिने भाच्याच्या प्रश्नाखाली उत्तर लिहिलं: आहे.

भावाच्या खिशात टुण् झालं.

त्याचा हात खिशाकडे गेला आणि अर्ध्यातच थांबला.

"राहू दे, बघू नकोस," मशीनगन उठत म्हणाली. "कंपनीचा असेल." तिने बॅग डाव्या हाताने उचलली आणि घराकडच्या रस्त्याला लागली.