काउंटेसची किंकाळी कोणाची?

नसीम शेख, हडपसर. गेल्या वर्षी रमजान ईदच्या दुसऱ्या दिवशी, स्टुडिओतल्या सकाळच्या शिफ्टला यांचा आवाज मोडला. आपोआप नाही... मोडण्यात आला.

भूतबित मी मानत नाही. बुवाबाजीविरुद्धची पत्रकं स्वारगेटला उभी राहून वाटलीयत, तेव्हा उपदेश नकोत. जे ऐकलं तेवढंच लिहिते.

नसीमआपा आमच्या शेजारी. इंग्रजीची शिकवणी घ्यायच्या, नाटकात कामं करायच्या. एका जपानी गॉथिक हॉरर व्हिडिओ गेमचं इंग्रजी डबिंग पुण्यातल्या स्टुडिओकडे होतं. (गेमचं नाव संपादक छापणार नाहीत, खेळणाऱ्यांना कळेल.) त्यातली रक्तपिपासू काउंटेस आपांना मिळाली. डबिंगचा साधा नियम — आधी संवाद, किंकाळ्या सगळ्यात शेवटी. कारण किंचाळल्यावर घसा उरत नाही. डायरेक्टरनं किंकाळ्या आधी घेतल्या. पुन्हा, पुन्हा... तोंडात रक्ताची चव येईपर्यंत. मग म्हणाला, "अहो मॅडम, आपला घसा फारच नाजूक निघाला." संवाद गेले त्याच्या मेव्हणीला. तिला किंचाळता येत नव्हतं, हे मागाहून कळलं. किंकाळ्या आपांच्याच ठेवल्या, नाव उडवलं. आपा तेव्हापासून कुजबुजतात. शिकवणी बंद.

परवाच्या रविवारी दुपारी शनिवार पेठेतल्या एका हॉलमध्ये त्या गेमचे फॅन्स जमले होते. 'इंग्रजी भारी की जपानी?' एकच सीन दोन्ही भाषांत लावायचा आणि भांडायचं. पाहुणा — तोच डायरेक्टर! आपांना मी मुद्दाम नेलं.

इंग्रजी सीन संपला. मागून एक जण ओरडला, "काय राव, बोलते एक नि किंचाळते दुसरीच! बोलताना साडीच्या दुकानातली, किंचाळली की अंगावर काटा!"

हशा. दुसरा म्हणाला, "म्हणून जपानीच भारी. शेवटपर्यंत एकच बाई."

मी उठले. "सर, ती दुसरी कोण? नाव सांगा."

"अहो, किंकाळीला कसलं आलंय नाव? आपण जपानी बघू."

जपानी लावलं. काउंटेस थंडपणे जपानीत बोलत होती. खंजीर लागला... आणि किंकाळी आली ती आपांची. शेवटाला फाटणारी, नाटकात मी कितीदा ऐकलेली. ऑपरेटरनं लॅपटॉप मिटला. स्पीकरची वायर उपटली. किंकाळी चालूच. आपांचा हात माझ्या हातात होता. ओठ मिटलेले, गळा स्थिर.

थांबली, तेव्हा डायरेक्टर माइकमध्ये काहीतरी बोलत होता. ओठ हलत होते. बाहेर नुसती हवा.

अजूनही तसाच आहे. डॉक्टरांना म्हणे घशात काही सापडत नाही. तीच फाइल आम्ही नंतर लावून पाहिली — जपानी बाईच किंचाळते. त्याच्यासाठी वाईट वाटलं का? अजिबात नाही.

त्या दिवशी परत येताना रिक्षात आपा माझ्या कानाशी कुजबुजल्या, "त्याचा गेला गं... पण माझा कुठे परत आला?"

म्हणून तुम्हाला सांगते. तो गेम इंग्रजीत खेळाल, तेव्हा काउंटेस मरते तिथे आवाज कमी करू नका. पुरतं ऐका. शेवटच्या नामावलीत नाव येणार नाही, ते तुम्ही मोठ्यानं घ्या — नसीम शेख.

तुमचा घसा शाबूत आहे ना? मग घ्या.