पालखीचं गाणं आणि जावईबापूंची तबकडी

जावई बोलत असेल तर सासऱ्यानं मधे तोंड घालायचं नाही, अशी आमच्या घरातली रीत होती. माझ्या नणंदेचे यजमान अमेरिकेत शिकून आले आणि नगरच्या कॉलेजात इंग्रजी शिकवू लागले, तेव्हापासून ही रीत आम्हाला फारच महाग पडू लागली. ते कायम बोलतच असायचे.

दुष्काळाचं साल होतं. अर्धं गाव खडी फोडायला जात होतं. तरीही जत्रा कमिटीला माझ्या सासऱ्यांचा सत्कार करायची हुक्की आली. मामंजी गावचे पेटीमास्तर. तरुणपणी गावातल्या संगीत नाटकांना त्यांनी चाली दिल्या होत्या, म्हणजे दुसऱ्यांच्या चालींवर नवे शब्द बसवले होते. तेव्हा सगळेच तसं करत. स्वतःची म्हणावी अशी त्यांची चाल एकच, पालखी उठताना गाव जे गाणं म्हणतं त्याची. ती पहाटे देवळात देवानंच कानात घातली, असं ते सांगायचे, आणि लग्न झाल्यापासून मला ते इतक्या वेळा ऐकावं लागलं होतं की देवाचाच राग यायचा. पण एवढं खरं, त्या एका चालीवर ते ताठ मानेनं जगत होते.

जत्रेच्या आधीच्या रविवारी जावईबापूंनी आम्हाला सावेडीच्या नव्या बंगल्यावर जेवायला बोलावलं. स्वयंपाक नणंदेनं केला, कौतुक जावईबापूंनी स्वतःचं केलं. मग अमेरिकेहून आणलेला रेकॉर्ड प्लेअर निघाला, आणि तिकडच्या कुठल्याशा जुन्या नाटकवाल्या संगीतकाराचं चरित्र सुरू झालं. बापाच्या दुकानातून पळाला, दारूच्या गुत्त्यात पियानो बडवला, नाचणाऱ्या पोरींच्या नाटकांना चाली दिल्या, दोन बायका केल्या, मेला. त्याची नाटकं आता कुणी करत नाही, पण चाली अमर आहेत, असं जावईबापू डोळे मिटून म्हणाले. आमच्याकडचा तमाशातला ढोलकीवाला याहून वेगळं काय करतो? त्याला कुणी अमर म्हणत नाही.

तबकडी फिरू लागली. तिच्यावरचं दुसऱ्या नंबरचं गाणं आमच्या पालखीचं निघालं. शब्द इंग्रजी, ठेका उडता, बाई खिदळत गात होती, पण चाल तीच, हरकतींसकट. नणंद ओल्या हातानं स्वयंपाकघरातून बाहेर आली. जावईबापूंना मात्र काहीच कळलं नाही. सासुरवाडीच्या जत्रेला ते कधी आलेच नव्हते. ते आपले पायानं ठेका धरून बसले होते.

मामंजींनी गाणं संपू दिलं. मग जावईबापूंनी पुन्हा तोंड उघडलं, तसे रीत मोडून मधेच बोलले, "हितं मिशनच्या बंगल्यावर आमचा बाप माळी हुता. मेमसाब सांजच्याला पेटीवर हेच वाजवायची. मी झाडांना पानी घालायचो." तबकडीकडे बोट केलं. "मला वाटलं, देवळात सुचलं."

खोटं बोलत नव्हते. खोटं बोलायचे तेव्हा पुष्कळ सजवून बोलायचे. मला त्यांची दया आली, आणि आजवर त्यांच्यावर इतकं चिडल्यावर दया येते म्हणून आणखी चिडचिड झाली. जावईबापूंना वाटलं, म्हाताऱ्याला गाणं आवडलं. त्यांनी ते पुन्हा लावलं.

दुसऱ्या दिवशी मामंजींनी कमिटीपुढे जाऊन खरं काय ते सांगितलं आणि सत्कार नको म्हणाले. कमिटी ऐकायला तयार नव्हती. शाल आणून झाली होती, पुढाऱ्यांना बोलावणं गेलं होतं. अध्यक्ष म्हणाले, "मास्तर, देव काय अमेरिकंत न्हाई व्हय?" यावर सगळे इतके खूश झाले की विषयच संपला. आपण फार मोठं बोललो, अशा थाटात अध्यक्ष पुढे कितीतरी दिवस हे वाक्य गावभर ऐकवत होते.

जत्रेत मामंजींनी शाल घेतली, नारळ घेतला, भाषणं ऐकली. चाल देवानं दिली, हे भाषणांत पुन्हा आलंच. मग पालखी उठली. ते नेहमीसारखे पेटीपुढे बसले, भाता उघडला आणि दोन्ही हात मांडीवर ठेवले. एक सूरही काढला नाही. मी बायकांत उभी होते, माझ्याच्यानं तिकडे बघवेना. गाव बेंबीच्या देठापासून गात पुढे निघून गेलं. पेटी वाजत नाही, हे एकाच्याही ध्यानात आलं नाही.