स्वेटरच्या आतल्या खिशातला फोन

पिशवीत फोन नव्हता. दुपटं काढलं, दुधाची बाटली काढली, खारीचा पुडा काढला, पिशवी उलटी करून पायरीवर झटकली, तरी नाही. धाकटी कडेवर किंचाळत होती. तिला फोनची बटणं दाबायला दिली की गप बसते, म्हणून तर शोधत होते. आणि मग एकदम आठवलं. फोन मोठीच्या स्वेटरमध्ये होता. आणि मोठी बंद दाराच्या पलीकडे बुद्धिबळ खेळत बसली होती.

मीच ठेवला होता, दुसऱ्या कोणाला काय बोलणार? तिचं नाक गळतं म्हणून स्वेटरला आतून एक खिसा मीच शिवलाय, रुमालासाठी. सकाळी रांगेत उभ्या होतो, धाकटीने माझ्या अंगावर दूध ओकलं, दोन्ही हात भरले, म्हणून फोन घाईघाईत त्या खिशात सारला. छोटा बटणांचा फोन, तिला कळलंही नसेल. तेवढ्यात नावं पुकारली आणि पोरी आत पळाल्या. दारात पंचांनी विचारलं, "मोबाईल आहे का कोणाकडे?" सगळ्या पोरी एका सुरात, "नाऽऽही सर." माझी पण.

आणि पंचांनी सकाळीच माइकवरून सांगितलं होतं. फोन वाजला तर डाव गेला. नुसता खिशात सापडला, बंद असला तरी डाव गेला. बाकीचे डाव काल झाले, हा तर शेवटचा डाव होता. जिंकली तर जिल्ह्यातल्या पहिल्या दोन पोरींत, म्हणजे राज्याच्या स्पर्धेला. हरली तर घरी.

भिंतीवरच्या घड्याळात बारा वाजून दहा मिनिटं झालेली. साडेबाराला यांची जेवणाची सुट्टी होते. हे अंबडला कंपनीत आहेत, तिथे फोन लॉकरमध्ये ठेवायला लागतो, सुट्टी झाली की बाहेर काढतात आणि पहिला फोन मला करतात. रोज. त्यात धाकटीला दोन दिवस ताप, म्हणजे आज तर करणारच. आणि माझ्या फोनचा आवाज यांनीच एवढा मोठा करून ठेवलाय की मिक्सर चालू असला तरी ऐकू यावा.

मी खिडकीशी गेले. जाळीतून मोठीची पाठ दिसत होती, लाल स्वेटर, दोन वेण्या. खुर्चीवर पाय दुमडून बसलेली. वाटलं हाक मारावी, हात करावा. पण हात केला तर ती खिसा चाचपणार, पंच तिथेच फिरत होते, त्यांना दिसणार. म्हणून खाली बसले, खिडकीच्या खाली, कोणाला दिसू नये अशी. का लपले कोणास ठाऊक.

मला बुद्धिबळातलं काही कळत नाही. आठवीत शाळा सुटली, मग लग्न. मोठीला आमच्या कॉलनीतल्या विहारात एक सर शिकवतात, ओझरच्या कारखान्यातून रिटायर झालेत, पोरांना फुकट शिकवतात. त्यांच्याकडे एक वही आहे. मोठमोठ्या खेळाडूंची माहिती पेपरातून कापून चिकटवलेली. ती त्यांनी मोठीला दिली आणि मला म्हणाले, "रोज एक पान वाचून दाखवायचं, आईनेच." मी बोट ठेवून ठेवून वाचते, मोठी मध्येच म्हणते, "आई, पुढे जा ना गं, किती हळू." पण ऐकते. एक बाई बाळंतपणानंतर परत खेळायला बसली, सगळे म्हणाले आता हिचं संपलं, आणि ती जिंकली, ते पान मला आवडतं. मोठीला दुसरंच आवडतं. एक खेळाडू होता, त्याने चालीसाठी उंटाला हात लावला आणि लगेच चूक दिसली. हात लावला की तोच हलवायचा, असा नियम आहे. समोरचा पाणी प्यायला उठलेला, कोणी बघितलं नव्हतं. समोरचा परत आल्यावर याने स्वतःच सांगितलं, उंट हलवला आणि हरला. "परत वाच," म्हणते. तीनदा वाचलंय.

त्या जाळीखाली मला नेमकं तेच पान आठवलं, आणि मला त्या खेळाडूचा रागच आला.

यांना फोन करून सांगायला पाहिजे होतं की करू नका. पण यांचा नंबर मला पाठ नाही, फोनमध्ये नाव दाबलं की लागतो. पाठ फक्त माझा, कारण सगळीकडे तोच लिहून देते. आणि माझा लावला तर स्वेटरच वाजणार! मग मोठीचं दप्तर आठवलं. बाहेर ढिगात पडलेलं. त्यात शाळेचं ओळखपत्र, त्यावर वडिलांचा नंबर. धाकटीला फरशीवर बसवलं आणि पंधरा-वीस दप्तरं उपसली.

"काय हो, काय शोधताय?" पायरीवर बसलेली एक बाई म्हणाली. शेवयांचा डबा मांडीवर, चांगल्या घरची दिसत होती.

"ताई, तुमचा फोन देता का जरा? माझा घरी राहिला. यांना लावायचाय, बाळाला ताप आहे."

"अगं बाई, घ्या की. औषध दिलं का हिला?" तिने फोन दिला आणि धाकटीला स्वतःच उचलून घेतलं. "माझी पण आत आहे. दोन नंबरच्या टेबलावर."

मोठी पण दोन नंबरच्या टेबलावर होती.

म्हणजे हिची पोर आमच्याच पोरीसमोर. काय बोलणार? आमचं दप्तर शोधलं, ओळखपत्र काढलं, नंबर दाबला. लागतोय, लागतोय, कोणी उचलेना, लॉकरमध्येच वाजत असणार. परत. परत. साडेबाराला दोन कमी. परत. साडेबारा झाले. एक डोळा खिडकीवर, कान सगळा हॉलमध्ये. परत लावला.

"हॅलो, कोण बोलतंय?"

"मी! अहो, मी! माझ्या फोनवर लावू नका. अजिबात लावू नका!"

"अगं तू? हा कोणाचा नंबर? आत्ता तुलाच लावत होतो. पोरीचा ताप?"

"ताप उतरला. लावू नका म्हणते ना! मी लावल्याशिवाय नाही."

"बरं बाई, नाही लावत. ओरडते कशाला? डबा तरी खाऊ दे."

मी खाली बसले आणि मला रडूच आलं. हसू पण येत होतं. त्या बाईने विचारलं, "एवढं काय झालं?" मी म्हटलं, "काही नाही, घरचं." तिने डब्यातल्या दोन चमचे शेवया मला झाकणावर वाढून दिल्या. खाल्ल्या मी. भूक लागली होती.

एकच्या सुमारास दार उघडलं. मोठी पळत आली, "आई, जिंकले! हत्तीने मात केली, हत्तीने!" मी तिला जवळ घेतलं, पण खरं सांगते, माझा हात आधी तिच्या खिशाकडे गेला. तेवढ्यात मागून त्या बाईची मुलगी आली, डोळे पुसत. बाईने तिचं नाक पुसलं आणि मला म्हणाली, "चांगली खेळते हो तुमची. माझी घाई करते." हे म्हणेपर्यंत स्वेटर वाजला.

हे नव्हते. रिचार्ज संपत आलाय, म्हणून सांगणारा मोबाईल कंपनीचा फोन होता. म्हणजे कोणाचाही आला असता, कधीही, आणि मी एकट्या यांच्याच मागे लागले होते. मला खिशाचं बटण सुटेना, फोन आपला वाजतोय.

"मम्मी, तिच्याकडे फोन होता!" ती मुलगी म्हणाली.

बाई माझ्याकडे वळली. "तुमचा घरी राहिला होता ना, ताई?"

मी कसाबसा फोन काढून बंद केला. तिने दाराकडे बघितलं, पंच तिथेच कागद गोळा करत होते. मग तिने मुलीचा हात धरला. "आत नाही ना वाजला? चल. जेवून घे." आणि गेली. धाकटीच्या तोंडावरची शेवई पुसून, मला देऊन गेली.

मोठीचा चेहरा उतरला होता. "आई, मग मी जिंकले की हरले?"

"जिंकलीस. चल, रिक्षा बघू."

रिक्षात बसल्यावर एवढं हलकं वाटलं की मी डोळे मिटून घेतले. वाचलो, एवढंच डोक्यात होतं. अजूनही आठवलं की पहिलं तेच वाटतं, वाचलो. मोठी खेळली तर तिच्याच डोक्याने ना, फोनने तिला काय चाल थोडीच सांगितली? पण पंच दहा पावलांवर होते. त्या बाईने सांगितलं नाही, मी पण नाही सांगितलं, आणि पोरगी माझ्या तोंडाकडे बघत होती. माझ्या जागी तुम्ही असता, तर काय केलं असतं?